शिजविलेला मध आणि मोरोक्कोचे गोड कुक्कुटमांस
एका परदेशी कृतान्नाचा आयुर्वेदीय विचार

कृतान्नवर्ग हा संहितांतील असा भाग आहे की, जो विद्यार्थिदशेत परीक्षेपुरता वाचला जातो आणि चिकित्सालय सुरू झाल्यावर मात्र रोज उपयोगी पडतो. रुग्ण औषधाविषयी एक प्रश्न विचारतो आणि खाण्याविषयी दहा. अलीकडे या दहा प्रश्नांत परदेशी पदार्थांची भर पडली आहे. ‘आमच्याकडे हे नसते’ असे म्हणून वैद्याने ते प्रश्न टाळणे योग्य नव्हे. ग्रंथांनी पदार्थांची यादी दिली आहेच, पण त्यासोबत पदार्थ तपासण्याची रीतही दिली आहे, आणि ती रीत कोणत्याही देशाच्या स्वयंपाकाला लावता येते.

प्रस्तुत लेखासाठी निवडलेला पदार्थ मोरोक्को देशातील आहे. कोंबडीचे मांस कांदा, सुंठ, मिरी, केशर व दालचिनी यांसह मंदाग्नीवर शिजवून त्यात सुका आलुबुखार किंवा जर्दाळू, मध आणि तळलेले बदाम घातलेले हे गोड, सुगंधी कालवण होय. माझ्याकडे येणाऱ्या एका कुटुंबातील मुलगा कासाब्लांका येथील नोकरी संपवून परतला आणि हा पदार्थ त्या घरात शिजू लागला. त्याच्या आईने विचारलेला प्रश्न नेमका होता : ‘‘डॉक्टर, यात मध चांगला रटरटून शिजवतात. तुम्ही तर गरम दुधातसुद्धा मध घालू देत नाही. मग हे चालेल का?’’

जे वैद्यबंधू-भगिनी मांसाहार करीत नाहीत, त्यांनीही हा विचार पुढे वाचावा अशी विनंती आहे. रुग्णांपैकी पुष्कळजण मांसाहारी असतात, आणि प्रश्नाचा गाभा मांसापेक्षा मधाचा आहे. तो आपल्या औषधनिर्माणशाळेपर्यंत येऊन पोहोचतो.

ताजीन

ज्या मातीच्या पात्रात हे कालवण शिजते त्याचे नाव ताजीन, आणि पात्रावरून पदार्थाचेही नाव ताजीनच. पात्राचा तळ पसरट व उथळ असतो, झाकण शंकूसारखे उंच. खालून कोळशाची मंद धग. वाफ वर चढते, शंकूच्या थंड भागाला लागून पाण्याचे थेंब होतात आणि ते कडेने परत अन्नात उतरतात. त्यामुळे पाणी थोडे घालूनही मांस कोरडे पडत नाही. आपल्या घरांत पातेल्यावर ताटली ठेवून त्या ताटलीत पाणी ओतण्याची पद्धत आहे, तिचे कार्य हेच. कोंबडीचा रस्सा असा शिजविणाऱ्या आजींना ताजीन समजावून सांगण्याची गरज पडणार नाही.

मोरोक्कोत ताजीन अनेक प्रकारचे. लोणच्याचे लिंबू व ऑलिव्ह घातलेले आंबट-खारट कोंबडीचे ताजीन सर्वत्र होते. गोड प्रकारांत आलुबुखाराचे (तेथील नाव बरकूक), जर्दाळूचे (मिशमाश), आणि कांदा, मनुका व मध एकत्र परतून वर पसरण्याचे (तफाया) हे प्रमुख होत. आलुबुखाराबरोबर मेंढीचे मांस अधिक शिष्टमान्य, लग्नकार्यात तेच वाढतात. घरगुती स्वयंपाकात मात्र कोंबडी सोयीची पडते. एका पात्राभोवती बसून उजव्या हाताच्या बोटांनी, गव्हाच्या जाड भाकरीसारख्या पावाच्या तुकड्याने हे खातात. परदेशी उपाहारगृहांत ते कुसकुसवर ओतून देतात. मोरोक्कोच्या घरात ताजीनला पावच लागतो.

मांसात फळे आणि साखर घालण्याची ही रुची मोरोक्कोत पूर्वेकडून आली. इ. स. १२२६ मध्ये बगदाद येथे मुहम्मद बिन अल्-हसन अल्-बग़दादी याने लिहिलेल्या पाकग्रंथात जर्दाळू घालून शिजविलेल्या मांसाची कृती आहे. आंदालुसमार्गे, म्हणजे मुसलमानी अमलातील स्पेनमार्गे, ही परंपरा माग्रेबात रुजली. आपल्या दृष्टीने याहून महत्त्वाची बाब अशी की, त्याच बगदादच्या परिसरात त्याआधी चारशे वर्षे आयुर्वेदाचे ग्रंथ अरबीत जात होते. अली बिन रब्बन अत्-तबरी याने इ. स. ८५० च्या सुमारास पूर्ण केलेल्या ‘फिर्दौस अल्-हिक्मा’ या ग्रंथात हिंदी वैद्यकावर स्वतंत्र विभाग आहे व त्यात चरक आणि सुश्रुत यांचे उल्लेख आहेत.

शब्दही प्रवास करून गेले आहेत. आपले शृंगवेर अरबीत ‘झंजबील’ झाले आणि मोरोक्कोच्या बोलीत ‘स्किंजबीर’. शर्करेचे ‘सुक्कर’ झाले. दालचिनी हा शब्द फार्सीतील ‘दारचीनी’ म्हणजे ‘चीनचे लाकूड’ यावरून आपण घेतला; मोरोक्कोचा पन्सारी ‘दार अल्-सीनी’ म्हणतो तो हाच. गंमत अशी की, तेथे हे नाव सिलोनच्या पातळ सालीला लावतात, आणि चिनी जातीच्या जाड सालीला ‘कर्फा’ असे वेगळे नाव आहे. नावातल्या गोंधळापुरते आपण आणि ते सारखेच.

द्रव्यविचार

चरकाने कुक्कुटाची गणना विष्किर गणात केली आहे. कुक्कुटमांस स्निग्ध, उष्ण, बृंहण, वृष्य, बल्य, स्वर्य आणि परम वातहर असे वर्णिले आहे. सुश्रुताने वन्य व ग्राम्य असा भेद करून ग्राम्य कुक्कुट अधिक गुरु असल्याचे म्हटले आहे. आजचा ब्रॉयलर हा ग्राम्याहूनही ग्राम्य. त्याला चालणे नाही, उकरणे नाही, आयुष्य सहा-सात आठवड्यांचे. पायांनी माती उकरून खाणारा तो विष्किर, ही व्याख्या त्याला लागूच होत नाही. म्हणून ग्रंथोक्त गुण त्याला जसेच्या तसे चिकटवू नयेत असे मला वाटते. गावठी कोंबडी मिळत असल्यास तीच घ्यावी, शिजण्यास वेळ अधिक लागेल एवढेच.

सुंठ आणि मिरी ही दीपन-पाचन द्रव्ये या गुरु अन्नाला आवश्यकच. मोरोक्कोत या कालवणात ओले आले फारसे वापरीत नाहीत, सुंठीचे चूर्णच वापरतात. त्रिकटूतील पिंपळी तेवढी राहिली. केशर उष्ण, सुगंधी आणि वर्ण्य. त्या देशाच्या दक्षिणेस तालिऊइन येथे केशराची शेती पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे. बदाम आणि जर्दाळू (आपल्याकडे बहुतेक अभ्यासक ‘उरुमाण’ म्हणतात ते) यांना चरकाने एकाच गटात घालून गुरु, उष्ण, स्निग्ध, मधुर, बल्य व वातघ्न म्हटले आहे. मनुका मात्र शीत आहेत, म्हणून पित्तप्रकृतीच्या माणसासाठी जर्दाळूच्या जागी मनुका घालणे हा सोपा बदल ठरतो. सुक्या आलुबुखारात सॉर्बिटॉल नावाची मंदपणे सारक अशी शर्करा असते. मोठ्या आतड्याची कोरडी तक्रार असणाऱ्या वृद्धांना तो मानवतो, पण ग्रहणीच्या रुग्णाला मानवत नाही.

येथपर्यंत कोठेही अडचण नाही. स्निग्ध, उष्ण, मधुर, सुगंधी, अग्नीला सांभाळून घेणारे असे हे वातशामक कृतान्न आहे. हेमंतात कृश माणसासाठी आपणच योजिले असते असे.

विरोध कोठे येतो

अडचण शेवटच्या टप्प्यावर येते. मोरोक्कोतील गृहिणी कालवणात दोन-तीन मोठे चमचे मध घालते, रस चकचकीत आणि दाट होईपर्यंत आटविते, आणि वरून भाजलेले तीळ पेरते.

मध तापवू नये, उष्ण पदार्थाबरोबर घेऊ नये, उन्हाने तापलेल्या माणसाने घेऊ नये, हा निषेध तिन्ही बृहत्‌संहितांत आहे. कारणही दिले आहे. मध नाना पुष्पांच्या रसांपासून आणि सविष कीटकांकडून निर्माण होतो, म्हणून त्यात विषाचा अन्वय आहे आणि उष्णता त्या विषाला अनुकूल. मधाच्या अजीर्णाला चरक सर्वांत कष्टकर मानतो, कारण आमाला उष्ण उपचार हवा आणि मधाला तोच वर्ज्य.

याशिवाय दुसरा निषेध आहे, आणि तो या पदार्थावर अगदी नेम धरून केल्यासारखा आहे. चरक सूत्रस्थानाच्या सव्विसाव्या अध्यायात ग्राम्य, आनूप व औदक मांस कशाबरोबर खाऊ नये याची यादी येते : मध, तीळ, गूळ, दूध, उडीद, मुळा, कमळाचे देठ आणि मोड आलेली धान्ये. मध आणि तीळ ही दोन्ही नावे तेथे आहेत. आणि गूळही आहे. मध चालत नसेल तर गूळ घाला, हा जो सल्ला आपल्या तोंडी सहज येतो, तो या यादीने बाद होतो.

येथे काही सूक्ष्म मुद्दे आहेत. यादी ग्राम्य, आनूप व औदक मांसाची आहे, विष्किराची नाही. कुक्कुट चरकाच्या मते विष्किर, तेव्हा शब्दशः पाहिल्यास हा दुसरा निषेध त्याला लागत नाही. वाग्भटाने तर अष्टांगहृदयात हा विरोध आनूप मांसापुरता सांगितला आहे. एखाद्याने या आधारे सुटका करून घेतल्यास त्याला ग्रंथविरोधी म्हणता येणार नाही. तरीही, वर म्हटल्याप्रमाणे, पिंजऱ्यातील पक्ष्याला विष्किर मानण्यास माझे मन धजत नाही. त्याला ग्राम्य धरून नियम पाळावा हे अधिक सुरक्षित. मेंढीच्या मांसाबाबत मात्र संशयाला जागा कमी आहे. बकरी ईदच्या वेळी मेंढीचे मांस मध, मनुका व बदाम घालून फार वेळ शिजवितात आणि टिकवून खातात, त्या ‘मरूझिया’ नावाच्या पदार्थाला चरकाचे सूत्र लागू धरावे.

मग मोरोक्कोचे लोक शतकानुशतके हे खातात ते कसे? हा प्रश्न रुग्ण विचारतोच, आणि त्याचे उत्तर त्याच अध्यायात आहे. सात्म्य झालेले, अल्प प्रमाणात घेतलेले, दीप्ताग्नी, तरुण, स्निग्ध व व्यायामाने बलवान अशा माणसाने घेतलेले विरुद्ध अन्न व्यर्थ ठरते, म्हणजे अपाय करीत नाही. अॅटलासच्या डोंगरात मेंढरे वळणाऱ्या माणसाला जे पचते ते दिवसभर संगणकासमोर बसणाऱ्या पुण्याच्या माणसाला पचेल, असे सात्म्याचे तत्त्व म्हणत नाही. कासाब्लांकाहून परतलेला तो मुलगा आणि त्याची आई यांनाही एकच उत्तर देता येत नाही.

उष्ण मधालाही अपवाद आहे. वमनात व निरूहात तो चालतो, कारण तो पचण्यासाठी आत राहत नाही. यावरून निषेधाचा रोख पचनावर आहे हे दिसते.

अरबी-यूनानी परंपरेत मात्र उलट आहे. तेथे मध तापवून, वरचा फेस काढून तो शुद्ध केला असे मानतात. माजूनसारखे कल्प अशाच मधात होतात. मोरोक्कोच्या गृहिणीने मध शिजविला तर ती तिच्या वैद्यकपरंपरेला धरूनच वागते. तिला अडाणी ठरविण्याचे कारण नाही. दोन शास्त्रांत खरोखरच मतभेद आहे, आणि तो मतभेद म्हणून सांगावा.

एचएमएफची काठी

आजकाल व्याख्यानांत एक युक्तिवाद वारंवार ऐकू येतो : मध तापविल्यावर हायड्रॉक्सिमिथाइल फर्फ्युरल (एचएमएफ) तयार होते, ते विषारी, म्हणून चरकाचे वचन आधुनिक विज्ञानाने सिद्ध केले. मला हा युक्तिवाद दुबळा वाटतो. मध तापविल्याने व साठविल्याने एचएमएफ वाढते हे खरे आहे. आंतरराष्ट्रीय कोडेक्स मानकात मधासाठी त्याची मर्यादा किलोमागे ४० मिलिग्रॅम, आणि उष्ण प्रदेशांतील मधासाठी ८० मिलिग्रॅम आहे. पण ही मर्यादा मुख्यतः मध ताजा आहे की जुना-तापविलेला, हे ओळखण्याची खूण म्हणून ठेवलेली आहे. तेच एचएमएफ भाजलेल्या कॉफीत, पावाच्या करपट कडेत आणि आटविलेल्या साखरेतही असते. रोज कॉफी पिणाऱ्या श्रोत्यासमोर हा पुरावा मांडला तर तो पहिल्याच प्रश्नाला कोसळतो, आणि त्याबरोबर चरकाचे वचनही कोसळल्यासारखे दिसते. आपला निषेध आपल्या द्रव्यगुणविचारावर उभा आहे. तो त्याच बळावर सांगावा.

मोरोक्कोच्या पातेल्याकडे बोट दाखविण्यापूर्वी आपल्या कपाटातील बाटलीकडेही पाहावे. व्यापारी मध बाटलीत भरण्यापूर्वी बहुधा तापवून गाळलेला असतो, म्हणजे तो लवकर गोठत नाही व आंबत नाही. दिल्लीच्या ‘सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंट’ या संस्थेने २०२० मध्ये केलेल्या तपासणीत तर अनेक प्रसिद्ध नाममुद्रांच्या मधात साखरेच्या पाकाची भेसळ असल्याचे निष्कर्ष आले. असा मध आपण सितोपलादीला अनुपान म्हणून देतो. अवलेह सिद्ध झाल्यावर तो निवू द्यावा आणि मग मध घालावा, ही ग्रंथाज्ञा प्रत्येक निर्मात्याला पाठ आहे. पण मोठ्या कढईतला अवलेह निवायला रात्र लागते आणि कामगारांची पाळी संध्याकाळी संपते, हेही प्रत्येक निर्मात्याला ठाऊक आहे. वरचा थर हाताला कोमट लागला तरी कढईच्या मध्यात अवलेह चांगलाच कढत असतो. मध घालण्यापूर्वी मध्यभागी तापमापक बुडवून नोंदवहीत आकडा लिहिण्याची पद्धत माझ्या पाहण्यात दोन-तीनच ठिकाणी आली. ती सर्वत्र यावी.

घरची कृती

मध, तीळ आणि गूळ वगळल्यावर हे कालवण मोरोक्कोचे राहते काय? राहते. त्या यादीत शर्करा नाही, आणि शर्करा ही मोरोक्कोला परकी नाही. सोळाव्या शतकात सादी सुलतानांच्या काळी तेथील दक्षिण भागात उसाचे मळे व साखरेचे कारखाने होते आणि ती साखर युरोपात जात असे. आजही तेथील अनेक घरांत या कालवणात मधाऐवजी साखरच घालतात. शिवाय गोडी मुख्यतः कांदा व फळे यांतूनच येते. मुंबईच्या पारशी घरांतील जर्दाळू घातलेली ‘साली मरघी’ ज्यांनी खाल्ली आहे, त्यांना कोंबडी आणि फळ यांचा मेळ नवा वाटणार नाही.

पाच-सहा जणांसाठी एक किलो कोंबडी, हाडांसह आठ तुकडे करून घ्यावी. तीन मध्यम कांद्यांपैकी दोन किसावेत, एक उभा पातळ चिरावा. जाड बुडाच्या पातेल्यात दोन मोठे चमचे तूप व एक चमचा ऑलिव्ह तेल (नसल्यास तूपच) घालून त्यात किसलेला कांदा, एक लहान चमचा सुंठ, अर्धा लहान चमचा मिरपूड, बोटभर लांब दालचिनीचा तुकडा, मीठ आणि कोमट पाण्यात भिजविलेले केशराचे २०-२५ तंतू घालावेत. त्यातच कोंबडीचे तुकडे टाकून मंद आचेवर दहा मिनिटे परतावे. आपल्या सवयीप्रमाणे कांदा लाल करू नये, मसाला तेल सुटेपर्यंत भाजू नये. या कालवणात करपट, खमंग चव अपेक्षितच नाही. सर्व काही मऊ आणि पिवळसर राहावे. नंतर चिरलेला कांदा, दोऱ्याने बांधलेली कोथिंबिरीची छोटी जुडी आणि दोन वाट्या गरम पाणी घालून झाकण ठेवावे, झाकणावर पाणी. ब्रॉयलर ४० ते ४५ मिनिटांत शिजतो, गावठी कोंबडीला दीड तासही लागतो. मोरोक्कोच्या शहरांत घाईच्या दिवशी प्रेशर कुकर सर्रास वापरतात, तेव्हा आपणही वापरल्यास पाप नाही. मात्र नंतरचे आटविणे उघड्या पातेल्यातच करावे.

मांस शिजल्यावर तुकडे व जुडी बाहेर काढून रस आटवावा. कांदा पूर्ण विरघळून रस दाट होतो, पळी तळावरून ओढली असता क्षणभर वाट दिसते आणि कडेला स्नेह सुटू लागतो. स्नेहकल्पनेतील सिद्धिलक्षणे पाहण्याची ज्यांच्या डोळ्यांना सवय आहे, त्यांना हा क्षण चुकणार नाही. मोरोक्कोचे स्वयंपाकी या दाट रसावरूनच पाककौशल्याची परीक्षा करतात.

दुसरीकडे दीडशे ग्रॅम सुका आलुबुखार वीस मिनिटे कोमट पाण्यात भिजवावा. आपल्या दुकानांतील लहान, तांबूस, आंबट आलुबुखार येथे चालत नाही. काळा, मोठा, गोड, ‘प्रून’ नावाने मिळणारा घ्यावा. लहान पातेल्यात कालवणातील दोन पळ्या रस, दोन मोठे चमचे कुटलेली खडीसाखर, अर्धा लहान चमचा दालचिनीपूड आणि ही फळे घालून दहा-पंधरा मिनिटे मंद शिजवावी. फळे फुगून पाक चकचकीत झाला की उतरवावे. तुकडे पुन्हा रसात घालून गरम करावेत, वर फळे पाकासह ठेवावी, आणि सोललेले, तुपात बदामी रंगावर तळलेले पन्नास ग्रॅम बदाम पेरावेत. गव्हाची जाड पोळी किंवा ज्वारीची भाकरी बरोबर असावी. भाताबरोबर चव पसरते.

जर्दाळू वापरायचा झाल्यास बी असलेला, तपकिरी, सुरकुतलेला घ्यावा. तेजस्वी नारिंगी रंगाचा जर्दाळू गंधकाच्या धुरीने तो रंग टिकवितो, आणि तमक श्वासाच्या काही रुग्णांना सल्फाइटने वेग येतो.

खरे ताजीन कोणी प्रवासातून आणले असेल, तर ते झिलईदार आहे की नाही हे पाहावे. काही पारंपरिक झिलयांत शिसे असते व आंबट अन्नात ते उतरते. अशुद्ध नागाचे दोष आपल्याला रसशास्त्राने शिकविलेच आहेत. शोभेचे, रंगीत पात्र शोभेलाच ठेवावे. बिनझिलईचे पात्र रात्रभर पाण्यात भिजवून, गॅसच्या ज्योतीवर लोखंडी तवा ठेवून त्यावर चढवावे, नाही तर तडकते.

पन्साऱ्याचे डोके

औषधी दुकानांच्या मालकांसाठी या विषयात एक वेगळाच भाग आहे. मोरोक्कोत मसाला व वनौषधी एकाच दुकानात मिळतात, आणि त्या दुकानदाराला ‘अत्तार’ म्हणतात. आपल्याकडे हा शब्द सुगंधी द्रव्ये विकणाऱ्यांचे आडनाव होऊन राहिला आहे. फेस शहरात या व्यापाऱ्यांच्या बाजाराशेजारी १३२३ ते १३२५ या काळात बांधलेली विद्यालयाची इमारत ‘अत्तारीन मदरसा’ म्हणूनच ओळखली जाते.

या अत्ताराचे प्रतिष्ठेचे मिश्रण म्हणजे ‘रास अल्-हनूत’. शब्दशः अर्थ ‘दुकानाचे डोके’, म्हणजे दुकानातील सर्वोत्तम. ठराविक पाठ नाही, प्रत्येकाचा स्वतःचा. वीस-पंचवीस किंवा अधिक द्रव्ये असतात : वेलची, जायफळ, जायपत्री, लवंग, दोन्ही दालचिनी, सुंठ, हळद, पिंपळी, कंकोळ, कुलिंजन, गुलाबकळ्या, लव्हेंडर. आपल्या बाजारात रेणुकबीज म्हणून ज्या वायटेक्स प्रजातीच्या फळांचा व्यवहार होतो, तिच्याच एका जातीची फळेही त्यात असतात. ही यादी वाचताना एखाद्या वाजीकर योगाची घटकद्रव्ये वाचत असल्याचा भास होतो, आणि तो भास खोटा नाही. पॉला वोल्फर्ट या अमेरिकन लेखिकेच्या १९७३ च्या मोरोक्कन पाकग्रंथात या मिश्रणाच्या घटकांत बेलाडोना आणि कँथॅरिडिस, म्हणजे ‘स्पॅनिश माशी’ नावाचा फोड आणणारा भुंगेरा, यांचीही नोंद आहे. हा कीटक वृष्य म्हणून प्रसिद्ध. प्रत्यक्षात मूत्रमार्गाचा दाह करणारा आणि वृक्कांचा नाश करणारा. १९९० च्या दशकात मोरोक्कोत मसालाबाजारातील त्याच्या विक्रीवर बंदी आली.

घरच्या कोंबडीच्या ताजीनला रास अल्-हनूत लागतच नाही, वरची साधी पाच द्रव्ये पुरतात. परंतु हे मिश्रण तयार करून द्या अशी मागणी आता दुकानांत येऊ लागली आहे. ती पुरवायची असल्यास वेलची, जायफळ, लवंग, दालचिनी, सुंठ, मिरी, पिंपळी, कंकोळ आणि गुलाबकळी एवढ्यावर थांबावे. खाद्य म्हणून विकताना २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याखालील नोंदणी वा परवाना वेगळा लागतो, औषधाचा परवाना त्याला पुरत नाही. आणि ‘आयुर्वेद आहार’ हे बिरुद अशा मिश्रणाला लावता येणार नाही. २०२२ च्या नियमांनुसार ते प्रमाणग्रंथांतील पद्धतीने केलेल्या अन्नासाठी आहे. मोरोक्कोची वस्तू मोरोक्कोच्या नावाने विकावी.

दालचिनीच्या बाबतीत दुकानदाराची जबाबदारी मोठी आहे. सिलोनची साल कागदासारखी पातळ, अनेक पदर एकात एक गुंडाळलेली, बोटांनी सहज मोडणारी असते. चिनी कॅसिया जाड, एकाच पदराची, कठीण असते, आणि बाजारात बहुधा तीच दालचिनी म्हणून मिळते. आपल्या अन्नमानकांत दोन्हींच्या व्याख्या वेगळ्या आहेत. कॅसियात कूमारिन पुष्कळ असते. युरोपीय अन्नसुरक्षा संस्थेने त्याची दैनंदिन सुरक्षित मर्यादा शरीरभाराच्या दर किलोस ०.१ मिलिग्रॅम ठरविली आहे, कारण काही व्यक्तींत ते यकृताला बाधते. महिन्यातून एकदा ताजीन खाणाऱ्याला याची चिंता नको. पण मधुमेहासाठी रोज चमचाभर दालचिनीचूर्ण घेणारे रुग्ण आपल्याच दुकानातून ते नेतात, त्यांना कोणती साल दिली जाते हे पाहावे. केशराची परीक्षा तर सोपी आहे. अस्सल तंतू पाण्यात हळूहळू रंग सोडतो आणि स्वतः लालच राहतो; करडईच्या पाकळ्या किंवा रंगविलेले धागे टाकताक्षणी पाणी रंगवितात आणि स्वतः फिके पडतात.

कोणास द्यावे

हेमंत व शिशिर हा या कालवणाचा काळ. वातप्रकृती, कृश, श्रमाने क्षीण झालेली, अग्नी चांगला असलेली व्यक्ती हिला ते दुपारच्या जेवणात, मांसाचे दोन तुकडे आणि दोन-तीन फळे एवढ्या राशीत द्यावे. शरदात व ग्रीष्मात टाळावे. प्रमेह, मेदोरोग, आमवात, ज्वर आणि ज्वरमुक्तीनंतरचे पहिले काही दिवस यांत देऊ नये. त्या दिवसांत यूषाचा आणि नंतर पातळ, असंस्कारित मांसरसाचा क्रम आहेच. त्वग्‌विकाराच्या रुग्णांना मी मध घातलेले मूळ कालवण पूर्ण वर्ज्य सांगतो, कारण विरुद्धाशन हे कुष्ठाच्या हेतूंत प्रथमपासून गणले आहे. खडीसाखरेचे कालवण त्यांनी लक्षणे शांत झाल्यावरच घ्यावे. जेवणाबरोबर दही किंवा ताक नको, आणि वर दुधाचा चहाही नको. मोरोक्कोत जेवणानंतर पुदिन्याचा हिरवा चहा देतात, तो बिनसाखरेचा केल्यास उत्तम. उरलेले कालवण दुसऱ्या दिवशी अधिक मुरते आणि चवीला चांगले लागते ही गोष्ट खरी. तरी पर्युषित अन्न अग्निमांद्याच्या माणसाने खाऊ नये, आणि इतरांनीही शीतपेटीतून काढून एकदाच, नीट उकळी आणून संपवावे.